ग्योतोकुच्या एडिथबाई

नातीला बॅलेच्या क्लासला सोडायचं आणि घेऊन यायचं, एवढंच माझं काम. पण शनिवारी घरी आले की सांगायला काहीतरी असतंच. मुलगा म्हणतो, "आई, तू इराला क्लासला नेतेस की स्वतःच जातेस?" त्याला काय कळतंय. त्याच्या ऑफिसात दिवसभरात कुणी हसत असेल तर शपथ.

क्लास एडिथबाईंचा, जपानमधल्या आमच्या ग्योतोकु गावात. बाई अमेरिकेच्या, वय नव्वदीला टेकलेलं. बॅले म्हणजे रशियन लोकांचं काम, असं अमेरिकेत धरून चालायचे, तेव्हा बाई स्टेजवर नाचल्या. गेल्या वर्षी पडल्या, खुब्याचं ऑपरेशन झालं, हातात काठी आली. तरी एकच हट्ट. यंदाच्या कार्यक्रमात एकदा स्टेजवर जायचंच. क्लास आता चालवते त्यांची जुनी शिष्या मोरी-सान. ती म्हणते, "डॉक्टर नको म्हणालेत. पडलात तर?"

बाई म्हणतात, "मग उचला."

दर शनिवारी हेच.

*

पहिल्या दिवशी इरा सात वर्षांची होती. जपानला आल्यापासून पोर घराबाहेर तोंड उघडत नव्हती. शाळेत नाही, दुकानात नाही, दाखवायला नेलं त्या डॉक्टरांपुढेही नाही. मी तिला पैंजण घालून नेलं. बाईंनी खुणेनंच काढायला लावले. मला ना इंग्रजी येतं ना जपानी, पण गप्प बसणं त्याहून येत नाही. म्हटलं, "नाचायचं आणि पैंजण नको?"

बाई काहीतरी बोलल्या. मी इराकडे बघितलं. ती हळूच म्हणाली, "उडी मारून खाली आल्यावर आवाज नाही झाला पाहिजे म्हणतात."

"मग उडी मारली हे मागच्या रांगेला कळणार कसं? विचार त्यांना."

इराने विचारलं. बाई इतक्या हसल्या की मोरी-सानने खुर्ची आणली. मग माझ्यासाठीही एक आणली. तेव्हापासून आम्ही दोघी शेजारी बसतो आणि मधे इरा. आम्हाला गप्पा मारायच्या तर पोरीला बोलावंच लागतं. डॉक्टरांना जमलं नाही ते असं झालं. ह्या बाईचे उपकार मी विसरायची नाही.

*

तरुणपणी मॅनेजर बाईंना म्हणाला, अमेरिकन पोरीचा बॅले बघायला कोण येणार, रशियन नाव घे. पोस्टरवर नवं नाव छापलं. बाईंची आई गावाहून थिएटरपर्यंत आली, पोस्टर वाचलं आणि लेकीला काढून टाकलं असं समजून रडत परत गेली.

मी म्हटलं, "त्यात काय, नाव माझंही बदललं. माहेरची हिरा, लग्नात सुनंदा झाले."

बाईंनी विचारलं, "पगार किती वाढला?"

*

तेव्हा त्यांची कंपनी बसने गावोगाव फिरायची. एका गावात बॅले कुणी बघितलाच नव्हता. खेळ संपल्यावर एक शेतकरीण मलमाची डबी घेऊन मागच्या दाराने आत आली. "पोरी, सगळा वेळ चवड्यांवर चालत होतीस. टाचांना एवढं झालंय तरी काय?"

बाई सांगतात, "फुलं पुष्कळ मिळाली, ती दुसऱ्या दिवशी सुकायची. मलम बरेच दिवस पुरलं."

*

योकोहामाला खेळ करायला आल्या आणि घोटा मोडला. कंपनी पुढे गेली, बाई प्लॅस्टर घालून मागे राहिल्या, त्या राहिल्याच. मी विचारलं, "परत का नाही गेलात?"

"घोटा बरा झाला की जाणार आहे."

ह्याला आता आख्खा जन्म उलटला.

*

गुरुपौर्णिमेला मी इराला म्हटलं, बाईंच्या पाया पड. ती वाकली. बाईंना वाटलं, पोर मोजा सरळ करतेय. त्यांनी काठी सावरली आणि दुसराही पाय पुढे केला. मग मी सांगितलं, आमच्याकडे गुरूला असा नमस्कार करतात. बाई मोरी-सानकडे वळल्या. "तुला एवढं शिकवलं, तू कधी?"

मोरी-सानही सत्तरीची. म्हणाली, "मी वाकले तर मला उठवणार कोण?"

*

कार्यक्रमाला हॉल भरलेला. बाईंना मोरी-सानने बजावून पडद्याआड खुर्चीत बसवलं होतं. इराचा एकटीचा नाच छान चालला होता, आणि मधेच पोर थांबली. संगीत चालू आणि ही खांबासारखी उभी. एका बाजूने मोरी-सान हात हलवतेय. मी उठलेच होते, मुलाने पदर धरून बसवलं.

तेवढ्यात दुसऱ्या बाजूने काठी टेकत बाई आल्या. इराने हात पुढे केला. बाईंनी काठी खाली ठेवली, तो हात धरला आणि मान ताठ करून अशा काही चालल्या की हॉलमधलं कुणी खोकलंसुद्धा नाही. राहिलेला नाच दोघींनी मिळून केला. टाळ्या थांबेनात. मोरी-सान रडत होती की चिडली होती, देव जाणे.

घरी येताना मी इराला विचारलं, "काय गं, घरात रोज न चुकता करतेस. आजच कशी विसरलीस?"

आईस्क्रीम चाटता चाटता म्हणाली, "विसरले नव्हते, आजी. बाई लिपस्टिक लावून उभ्या होत्या."