नामाचे डोळे आणि माझा पाय

माझा धाकटा भाऊ नामा याचे डोळे ठणठणीत आहेत. हे सांगायला मी तीन वर्षं उशीर केला, एवढंच.

तीन वर्षांपूर्वी मला लकवा मारला. उजवा हात, उजवा पाय आणि अर्धं तोंड संपावर गेलं. (उरलेलं अर्धं दुप्पट बोलायचं, असं आमची ही म्हणते.) हात थोडा सुटल्यावर व्यायामाच्या ताईंनी त्यात रबरी चेंडू दिला. "आजोबा, रोज शंभर वेळा दाबा. हिंमत सोडू नका!" शंभर वेळा! जन्मभर रेशमी साड्या विणलेला माणूस चेंडू दाबत बसणार? त्यात मोहाडीतला जो तो येऊन सांगायचा, "आता आराम करा जी." मी ठरवलं, आराम करीन तर मागावर बसूनच!

एका बाजाराच्या दिवशी घर रिकामं झालं. मागावर नामानं कुणा नवरीची साडी अर्धी विणून ठेवली होती. भिंत धरत गेलो, मागाच्या खड्ड्यात पाय सोडले आणि आडव्या धाग्याचा धोटा फेकला. पायाखाली दोन पावड्या असतात. एकदा डावी दाबायची, एकदा उजवी, तेव्हा कुठे आडवा धागा उभ्या धाग्यांत अडकतो. उजवा पाय हलेना. म्हटलं, नको हलू! डावी, डावी, डावी! तासभर माग खडखडवला, घाम काढला आणि लढाई जिंकल्यासारखा खाटेवर येऊन पडलो.

संध्याकाळी नामानं एक धागा ओढला. वीतभर विणकाम सुटून त्याच्या हातात आलं!

"काहून जी भाऊजी, दिसत नाही का तुम्हाले?" आमची ही ओरडली.

"वहिनी, मी तं बरोबर विणलो होतो!"

"मंग काय भुतानं विणलं?"

भूत खाटेवर डोळे मिटून पडलं होतं.

नामाला भंडाऱ्याला नेलं. डॉक्टर म्हणाले, डोळे चांगले आहेत. "डॉक्टरलेच दिसत नाही," असा घरचा निकाल लागला. मग साकोलीचा डॉक्टर गाठला. त्यानं वैतागून चष्मा दिला. नामाला रोज गाजर सुरू झालं. शेवटी बिचाऱ्यानं मागच सोडला आणि कोपऱ्यात धोट्यासाठी धाग्याच्या कांड्या भरत बसला. रिकामा माग मिळाला मला, व्यायामाला! वर्षभरात माझा पाय सुधारला. (चोरालाच बक्षीस!)

परवा नातीच्या लग्नाची साडी विणायची निघाली.

"मले दिसत नाही दादा, तूच विण," नामा म्हणाला.

मला राहवलं नाही. "नामा, ती साडी मी बिघडवली होती!"

"माझं मन राखाले खोटं नको बोलू. तवा तुले खाटेवरून उठता येत नव्हतं."

सगळे हसले. मी भडकलो. "थांबा, करूनच दाखवतो!" बसलो मागावर. डावी दाबली, तर उजवा पाय आपोआप खाली! पुन्हा डावी, पुन्हा उजवा हजर! मांडीला चिमटा काढला, दातओठ खाल्ले. वीतभर कापड तयार झालं, गुळगुळीत. एक धागा सुटेल तर शपथ!

"पाहा वहिनी," नामा चष्मा पुसत म्हणाला, "हा माणूस साडी बिघडवंल काय?"

म्हणून हे लिहून देतो आहे. नामा, चष्मा काढ आणि मागावर बस. पुरावा मात्र मागू नकोस. तो द्यायचा तर मला पुन्हा लकवा मारून घ्यावा लागेल. भावावर माझा जीव आहे रे. पण एवढा नाही!