गुरुजींची तेरियाकी

आमच्या कराडजवळच्या मलकापूरच्या कॉलनीत किस्से शोधायला जावं लागत नाही. शेजारच्या गुरुजींनी नवीन काही शिकायला घेतलं, की ते आपोआप साचतात. गुरुजी जन्मभर हेडमास्तर. त्यामुळं चूक कधीच त्यांची नसते, साहित्याची असते!

त्यांची मुलगी मृणाल पुण्यात जपानी कंपनीत आहे. ऑफिसातल्या जपानी केनशी लग्न करायचं म्हणाली, तर गुरुजी पंधरा दिवस तिच्याशी बोलले नाहीत. मग एकदम फोन केला, "रविवारी आण त्याला जेवायला. तेरियाकी चिकन मी स्वतः करणार. बघू काय दोष काढतोय!"

"तेरियाकी म्हणजे काय वो?" मी विचारलं.

"सॉस असतो. चिकन त्यात मुरवायचं, भाजताना तोच वरून चकचकीत लावायचा. मोबाईलवर बघितलंय. दहा मिनिटांचं काम!"

गुरुजींना सहा दिवस लागले.

* * *

सोया सॉस मिळाला. अडलं मिरिनपाशी. गुरुजी कराडच्या किराणा दुकानात गेले, मी बरोबर होतो.

"मिरिन आहे का?"

"हाय की! काळी देऊ का पांढरी?"

"मिरी नाही हो, मिरिन! जपानची गोड वाईन, तांदळाची!"

दुकानदारानं गुरुजींना आपादमस्तक न्याहाळलं. "गुरुजी, तुमी? आन् सकाळी सकाळी?"

* * *

ही बातमी आमच्या सुभेदारांना कळली. मिलिटरीतून रिटायर्ड, मदतीला कायम तयार! संध्याकाळी बाटली घेऊन हजर. "तांदळाची न्हाई गावली. उसाची रम हाय, चलंल?"

गुरुजी गावातल्या व्यसनमुक्ती समितीचे अध्यक्ष! त्यांनी आधी खिडकी लावली, मग म्हणाले, "फक्त दोन चमचे. सॉससाठी."

सॉसमध्ये दोनच चमचे पडले. बाटली मात्र अर्धी परत गेली!

* * *

ब्राऊन शुगर नव्हती म्हणून कडेगावचा गूळ घातला. सॉस घट्ट होईना, तसा गुरुजींनी गॅस मोठा केला आणि आम्हाला जपानी शिस्तीवर लेक्चर द्यायला बसले. लेक्चर संपलं तेव्हा डाव कढईत उभा राहिला होता.

गुरुजींच्या बायकोनं, म्हणजे आमच्या वहिनींनी, डोकावून बघितलं. "आवं, शेंगदाणे टाकू का? चिक्की तरी हुईल!"

* * *

रविवारी सॉस जमला. चिकन मुरायला ठेवून गुरुजी अंघोळीला गेले. वहिनींनी बोट बुडवून चाखलं आणि कपाळाला हात लावला. "पाहुण्याला असलं गुळचट घालायचं व्हय?" दोन डाव कांदा-लसूण मसाला आत गेला!

केन जेवायला बसला. पहिल्या घासाला कान लाल, दुसऱ्याला डोळ्यांत पाणी. वहिनींचा जीव खालीवर! पण गड्यानं मान वर केली नाही. तिसऱ्यांदा वाढून घेतलं, बोटं चाटली आणि मृणालच्या कानात काहीतरी बोलला. ती तोंड दाबून हसायला लागली.

"काय म्हणतोय?" गुरुजी कडाडले.

"बाबा, तो म्हणतोय, असलं कधी खाल्लं नव्हतं. ह्या मराठी पदार्थाचं नाव काय?"

गुरुजींनी ताटाकडं बघितलं. वहिनींकडं बघितलं. घसा खाकरला.

"कोंबडीचं सुकं. आमच्या घराण्यातलं आहे!"