देवीच्या साडीची चिठ्ठी

ए थांब, जेवण नंतर, आधी ऐक काय झालंय आत्ता! पण डायरेक्ट सांगितलं तर तुला कळायचं नाही. आमच्या पेठेतल्या देवीची जत्रा चालू हाय ना, तिथं यंदा मी साड्यांच्या काउंटरवर सेवेला बसले. नऊ दिवस! किस्से इतके साठलेत की साड्यांसारख्या त्यांच्यापण घड्या घालून कपाटात रचाव्या लागतील.

सिस्टिम अशी. साड्या येतात शेकड्यांनी, देवी नेसणार रोज एक. म्हणून एका साडीला एक चिठ्ठी, नाव लिहून परडीत टाकायची. आरतीआधी एक काढायची, जिचं नाव तिची साडी देवीच्या अंगावर. आमच्या आईची चिठ्ठी अकरा वर्षं पडतेय. अकरा! एकदा पण निघाली नाही. शेजारच्या वहिनींची पहिल्याच वर्षी निघाली, तेव्हापासून आई त्यांच्याकडं विरजणसुद्धा मागत नाही.

काउंटरच्या हेड कमलमावशी. लई कडक! पहिल्याच दिवशी मला म्हणाल्या, "हितं वशिला फक्त देवीचा."

त्याच दिवशी एक काका बायकोनं दिलेली पिशवी घेऊन आले. मावशींनी साडी उलगडली तर नेसलेली, पदराला भाजीचा डाग! "देवीला असली देता व्हय?" काकांचा लगेच बायकोला व्हिडिओ कॉल. तिकडून आवाज, "अहो, ही इस्त्रीला द्यायची होती! देवीची कुटंय?"

इस्त्रीवाल्याकडं!

काका पळत गेले, घामाघूम परत आले. कोरी साडी, कडक इस्त्री मारलेली. मावशी म्हणतात, "एवढ्या वर्षांत इस्त्री करून आणणारे तुम्हीच पहिले!"

मग त्या ऑफिसवाल्या पोरी. "मावशी, उद्या देवीचा कलर कुठला?"

"चिठ्ठीत निघंल तो."

"पण आमच्याकडं उद्या ग्रे आहे हो!"

"मग उद्या मॅनेजरला नेसवा."

अक्कलकोटकडच्या एक आजी सुनेबरोबर आल्या. साडी पुढं केली, पण सोडेचनात. मी म्हटलं, "आजी, सोडा की."

"सोडते गं. जरा हात लावून बघू दे. दुकानात हिनं बघूच दिलं न्हाय." पाच मिनिटं पदर कुरवाळला आणि मागं वळून म्हणाल्या, "लई मऊ हाय. मला का कधी आणली न्हाईस असली?"

सून लालबुंद! दुसऱ्या दिवशी आजी परत दर्शनाला. डिट्टो तसलीच साडी नेसून!

आणि आमची आई. रोज दुपारी डबा घेऊन यायची आणि तेच तेच. "आता तू आतच हायेस. बघ की काहीतरी."

"आई, देवीपुढं चीटिंग?"

"चीटिंग कोण म्हणतंय? चिठ्ठी काढणाऱ्याला नुसतं सांग, जरा खालनं काढ!"

मी हसण्यावारी नेलं. चुकलंच माझं.

काल एक आजोबा आले. शहराच्या पूर्व भागातले, विणकर वस्तीतले, घरात तेलुगू बोलणारे, सगळं आयुष्य हातमागावर गेलेलं. पेपरात गुंडाळलेली साडी ठेवली. "अम्मा, ही मीच विणली. शेवटची. आता डोळे राहिले न्हाईत." काठात एके ठिकाणी नक्षी चुकली होती. मावशींचं बोट बरोब्बर तिथंच गेलं. आजोबांना ते कळलं. म्हणाले, "तितं मला दिसलं न्हाय. देवीला दिसू दे."

मावशींनी देवस्थानच्या अध्यक्षांनासुद्धा कधी चहा विचारला नव्हता. आजोबांना स्वतः आणून दिला.

आज शेवटचा दिवस. मावशींनी चिठ्ठी काढायचा मान मला दिला! ही गर्दी, माइक चालू. पहिल्या रांगेत आई, डोळे मिटलेले, ओठ पुटपुटतायत. तिच्या शेजारीच ते आजोबा. मी परडीत हात घातला, चिठ्ठी उघडली.

आईचं नाव!

अगं, किंचाळणारच होते. तेवढ्यात तिला चिकटून आलेली दुसरी चिठ्ठी दिसली. ती पण आईची! खाली परडीत बघितलं. आमच्या किचनमधल्या जुन्या कॅलेंडरचा गुळगुळीत कागद, जिकडं बघावं तिकडं तोच. वीस तरी असतील! एका साडीला!

"वाच की गं, झोपलीस काय?" मावशी.

आणि माझ्या तोंडातून आजोबांचं नाव बाहेर पडलं. माइकवर!

टाळ्या काय, शिट्ट्या काय! आजोबा तर रडायलाच लागले. आईचा चेहरा पडला, पण खरं सांगते, तिनंच त्यांचा हात धरला आणि गर्दीतून त्यांना माझ्यापर्यंत आणलं. मला म्हणाली, "बरं झालं गं. ह्यांचीच निघायला पायजे होती."

आता गंमत बघ. निघालेली चिठ्ठी कुंकू लावून मानकऱ्याला द्यायची असते, घरी देव्हाऱ्यात ठेवायला. मावशी कुंकवाची वाटी घेऊन उभ्या. आजोबांनी हात पुढं केला, "अम्मा, चिठ्ठी?"

आणि आईनं पर्समधला चष्मा काढून डोळ्याला लावला. "आण इकडं. त्यांना दिसत न्हाय, मी वाचून दाखवते."

माझ्या मुठीत दोन चिठ्ठ्या. दोन्हीवर तिचं नाव, तिच्याच अक्षरात.

सांग ना, तू काय केलं असतंस?