आमच्या घरातला धुरा

मागच्या वर्षीपर्यंत यवतमाळच्या आमच्या घरात माझ्या मालकीचं फक्त संडास, बाथरूम आणि त्यांच्यापुढचा अर्धा बोळ एवढंच होतं. पुढची खोली मामाजींची, म्हणजे माझ्या सासऱ्यांची, आणि बाकीचं सगळं घर बँकेचं. हे मी गमतीने सांगत नाही. त्याची रीतसर मोजणी झाली होती आणि फरशीवर चुन्याची रेघही मारलेली होती!

मी सरकारी कार्यालयात लेखा विभागात आहे. दुसऱ्याच्या प्रवासभत्त्याच्या बिलात सात रुपये कुठून जास्त आले, हे मी झोपेतही सांगू शकते. मला समोरून येताना पाहिलं की लोक हातातली बिलं परत खिशात घालतात. अशा बाईने स्वतःच्या गृहकर्जाकडे पाच वर्षं ढुंकूनही पाहिलं नव्हतं. हप्ता पगारातून आपोआप कापला जायचा, आणि जे आपोआप होतं ते बरोबरच होत असणार, असा माझा समज होता. (लग्नाबद्दलही होता!)

घराचं मला फार वेड. लहानपण सगळं भाड्याच्या खोल्यांत गेलं. भिंतीला खिळा ठोकला की घरमालकीण धावत यायची, म्हणून आई कॅलेंडर दाराच्या कडीला अडकवायची. आपलं घर झालं त्या दिवशी मी सगळ्यात आधी हातोडी विकत आणली आणि एका दुपारीत चौदा खिळे ठोकले. त्यातल्या सहा खिळ्यांना अडकवायला आजही घरात काही नाही, पण खिळे माझे आहेत. घर पंचवीस लाखांचं. पाच लाख मामाजींनी आर्णीचा प्लॉट विकून दिले, वीस लाख बँकेने दिले. मुदत वीस वर्षं, हप्ता महिन्याला अठरा हजार.

तर मागच्या वर्षी मला पगाराच्या फरकाचे तीन लाख एकदम मिळायचे होते. ही बातमी कळल्यापासून आमचे प्रमोदराव (हे माझे यजमान, आर्णी रोडला स्पेअर पार्टचं दुकान आहे) मोबाइलवर फक्त गाड्या बघत होते. शेवटी जेवताना त्यांनी विषय काढला.

"पांढरी घेऊ का लाल?"

"कोणतीही घ्या," मी उदारपणे म्हणाले. "आता कसली काळजी? विसातली पाच वर्षं झाली. पाव घर फिटलं!"

मामाजींचा घास हातातच राहिला. मामाजींनी आयुष्यभर शेती केली आणि चुलतभावाशी वीतभर धुऱ्यासाठी नऊ वर्षं भांडण केलं. (धुरा म्हणजे दोन वावरांमधला बांध. आमच्याकडे जमिनीपेक्षा धुऱ्यावर जीव जास्त.) जमिनीचा विषय निघाला की त्यांना जेवण सुचत नाही.

"पाव घर? कोनं मोजलं?"

"मोजायचं काय त्यात, मामाजी? विसाचे पाव पाच."

"पम्या, पाह्य रे मोबाइलमंदी."

प्रमोदरावांनी गाडीचं चित्र नाइलाजाने बाजूला सारलं आणि बँकेचं अॅप उघडलं. बराच वेळ बोटाने खालीवर केलं. मग माझ्याकडे दयेने पाहून म्हणाले, "अठरा लाख बाकी दाखवून राह्यलं."

"अॅप चुकलं असेल!"

"सूनबाई," मामाजी म्हणाले, "तुमच्या ऑफिसात लोकाईचं बिल चुकते, तवा ते बी असंच म्हनतात का?"

दुसऱ्या दिवशी मी बँकेत गेले ती भांडायच्याच तयारीने. पाच वर्षांत दहा लाखांच्या वर भरले होते, आणि मुद्दल फिटलं होतं जेमतेम दोन लाख! मग बाकीचे आठ लाख गेले कुठे? कर्ज विभागातले साहेब पुण्याकडचे, फार शांत. त्यांनी संगणकाचा पडदा माझ्याकडे वळवला.

"मॅडम, सुरुवातीच्या हप्त्यांत बहुतेक व्याजच असतं. मुद्दल अगदी थोडं. शेवटी शेवटी उलटं होतं."

"आणि वीस वर्षांत मिळून किती जातात?"

"साधारण त्रेचाळीस लाख."

"अहो, वीस लाखांचे त्रेचाळीस? यात तर दोन घरं झाली!"

"हो ना," साहेब प्रेमाने म्हणाले. "एक तुमचं, एक आमचं." मग माझ्या ओळखपत्राकडे पाहून त्यांनी विचारलं, "मॅडम, तुम्ही लेखा विभागात ना?"

मी ओळखपत्र पदराखाली घेतलं आणि घरी आले.

घरी येऊन सांगितलं, ते चुकलंच. मामाजींनी सगळं ऐकून घेतलं, पाणी प्यायले आणि म्हणाले, "म्हंजे हे घर आपन बटईनं केलं म्हना की! बँक आपली भागीदार." (बटई म्हणजे अर्ध्या वाट्याने केलेली शेती.) मग त्यांनी पेटीतून मोजपट्टी काढली. संध्याकाळपर्यंत घर मोजून झालं. घर नऊशे फुटांचं. पाच लाखांची मामाजींची जागा पुढच्या खोलीएवढी भरली, अगदी उंबऱ्यासकट! त्यांना स्वतःलाच भरून आलं. मग माझे दोन लाख मोजायला घेतले. मागच्या भिंतीपासून सुरुवात केली. संडास झाला, बाथरूम झालं, पुढचा बोळ अर्धा झाला आणि दोन लाख संपले.

"बस?" मी विचारलं.

"बस. पाच वर्सात तुमचा संडास झाला, सूनबाई. नगदीचा हाय, मोकळ्या मनानं वापरा."

मामाजींनी चुन्याची फक्की आणली आणि बोळात आडवी रेघ मारली. धुरा! त्यापलीकडे स्वयंपाकघर, दोन्ही बेडरूम, माझे चौदाच्या चौदा खिळे, सगळं बँकेचं. मला हसू आलं नाही. भाड्याच्या खोलीत निदान घरमालकीण दिसायची तरी.

मामाजी मात्र धुऱ्याचे नियम काटेकोर पाळणारे. शेजारच्या काकू विरजण मागायला आल्या, तर मामाजींनी दारातच सांगितलं, "किचन बँकेचं हाय. तिथून उसनं देता येत नाही. बाथरूममधून काई पायजे असंन तर सांगा." काकूंनी आठ दिवस बाहेरचं दही आणलं. प्रमोदराव सकाळी बेडरूममधून बाहेर आले की मामाजी विचारायचे, "लोकाच्या वावरात बरी झोप लागते रे तुले?" प्रमोदरावांनी दोन रात्री वडिलांच्या हद्दीत सतरंजी टाकली. तिसऱ्या दिवशी पाठ धरली आणि ते गुपचूप पुन्हा बँकेत, म्हणजे बेडरूममध्ये, झोपायला गेले.

इथपर्यंत सगळं घरातल्या घरात होतं. पण गच्चीवरची टाकी पाझरायला लागली आणि बेडरूमच्या छताचा एक पोपडा प्रमोदरावांच्या उशीवर पडला. मी गवंड्याला फोन लावत होते, तेवढ्यात मामाजींनी हात धरला.

"कायले? जागा त्यायची. बटईत खर्च अर्धा-अर्धा असते."

मला वाटलं, म्हातारा माणूस गंमत करतोय. मी ऑफिसला गेले. बारा वाजता बँकेतून साहेबांचा फोन आला. आवाज मुळीच शांत नव्हता.

"मॅडम, तुमचे सासरे इथे आलेत. त्यांनी माझ्या टेबलावर सिमेंट ठेवलंय."

मी अर्ध्या दिवसाची रजा टाकून ऑटोने धावले. पाहते तर काय! मामाजी पांढऱ्या धोतर-टोपीत खुर्चीवर ताठ बसलेले. समोर त्यांच्या रुमालावर तो पोपडा. मागे पैसे काढायला आलेल्या लोकांची रांग, आणि रांगेतलं कुणीही पुढे सरकायला तयार नाही.

"काका, घर तुमचंच आहे," साहेब घाम पुसत म्हणत होते.

"मंग कागद काहून तुमच्यापाशी?"

"ते तारण असतं, काका. आम्ही घरात भागीदार नाही. आमचा संबंध फक्त पैशाशी."

"म्हंजे कापूस पिकला तर तुमी भागीदार, अन् बोंडअळी पडली तर आमी एकटे?"

रांगेतून "बरोबर हाय बाप्पा!" असा आवाज आला. साहेबांनी माझ्याकडे केविलवाणं पाहिलं. मी माफी मागितली, पोपडा पर्समध्ये टाकला आणि मामाजींना उठवायला लागले. निघता निघता मनात बरेच दिवस टोचणारा एक प्रश्न विचारून टाकला.

"साहेब, माझा शेवटचा हप्ता कधी?"

त्यांनी बटणं दाबली. "मध्ये व्याजदर वाढला, त्यामुळे मुदत थोडी लांबली आहे. तुम्ही साठीच्या व्हाल तेव्हा संपेल."

"पण मी अठ्ठावन्नला निवृत्त होते!"

"हो. मग दोन वर्षं पेन्शनमधून."

गाडी, पांढरी का लाल, सगळं डोक्यातून गेलं. पगार बंद झालेला, गुडघे दुखतायत, आणि मी अजून बँकेच्या स्वयंपाकघरात बँकेसाठी पोळ्या लाटतेय, असं चित्र डोळ्यांसमोर आलं. मला इतका राग आला की रडू यायचं राहून गेलं.

"आणि परवा खात्यात जमा झालेले माझे तीन लाख आज मुद्दलात भरले तर?"

साहेबांनी पुन्हा बटणं दाबली. "चार वर्षांहून जास्त कमी होतील. निवृत्तीच्या दोन वर्षं आधी तुम्ही मोकळ्या!"

"तीन लाखांत चार वर्षं? हे तुम्ही आधी का नाही सांगितलं?"

"तुम्ही आधी का नाही विचारलंत?"

(ह्या वाक्यावर मी ऑफिसात शेकडो लोकांना परत पाठवलंय. आपल्यावर आलं की फार झोंबतं.)

तेवढ्यात प्रमोदराव धापा टाकत आले. मामाजी बँकेत आहेत हे त्यांना कुणीतरी दुकानात सांगितलं होतं. आल्या आल्या त्यांनी फक्त "तीन लाख" एवढंच ऐकलं आणि चेहरा पांढरा झाला.

"सुनीता, मी पाच हजार भरून गाडी बुक करून आलो! लाल!"

"परत मागा."

"शोरूमवाला हार घेऊन उभा राह्यते म्हन्ला!"

"तो हार तुम्ही घालून या. मी पैसे इथेच भरणार."

मी चेकबुक काढलं. तीन लाखांचा आकडा सुवाच्य अक्षरात लिहिला. साहेबांनी अर्ज पुढे केला आणि विचारलं, "हप्ता कमी करायचा की मुदत?"

"हप्ता!" प्रमोदराव ओरडले.

"मुदत!" मी त्यांच्यापेक्षा मोठ्याने ओरडले.

"हप्ता कमी झाला तर गाडीचा हप्ता त्यात बसते ना!"

"म्हणूनच मुदत!"

दाराजवळचा सुरक्षारक्षक बंदूक सावरत आत आला. रांगेत दोन तट पडले. बायका सगळ्या मुदतीच्या बाजूने, पुरुष हप्त्याच्या. एक पुरुष मुदत म्हणाला, तर त्याला बाकीच्यांनी मागे ढकललं. शेवटी मामाजी उभे राहिले.

"पम्या, गाडी कवाही येते. सूनबाईच्या म्हातारपनाचा धुरा आज सरकून राह्यला. मंधात येऊ नको."

प्रमोदराव बाजूला झाले. (त्यांना पाच हजारही परत मिळाले, फक्त पाचशे कापून. तो विषय आमच्याकडे निघत नाही.) मी "मुदत" ह्या शब्दासमोर इतकी जोरात खूण केली की ती खालच्या कागदावरही उमटली. टाकी आम्ही आमच्याच खर्चाने दुरुस्त केली.

त्या दिवसापासून मी मात्र पेटले. भिशी बंद केली, दिवाळीची साडी बंद केली, प्रमोदरावांचा बाहेरचा वडा बंद केला. वर्षातून जे काही साठेल ते मुद्दलात! आणि नुसतं स्वतःचं कर्ज फेडून माझं समाधान होईना. आपल्याला उशिरा कळलेली गोष्ट दुसऱ्याला वेळेवर सांगायला नको का?

सहा महिन्यांपूर्वी आमच्या ऑफिसातल्या वानखडे मॅडमच्या नव्या घराचं वास्तुपूजन होतं. छान घर, छान जेवण. पंगतीत बुंदी वाढता वाढता त्या कौतुकाने म्हणाल्या, "कसं वाटलं आमचं घर?"

मी म्हटलं, "तुमचं? कर्ज किती, मुदत किती?"

त्यांनी बिचारीने खरं सांगितलं. मी बुंदी बाजूला सारून कागदी रुमालावर हिशेब केला. मग त्यांना हाताला धरून, सासूसासऱ्यांदेखत, भटजींदेखत, सगळ्या पाहुण्यांमधून मागच्या बाजूला संडासापाशी नेलं आणि फरशीवर पायाने रेघ दाखवून सांगितलं, "पाच वर्षांनी हे एवढं तुमचं!"

आत वानखडे मॅडमचे मामेसासरे होते. त्यांनी घाबरून आतून कडी घातली.

तेव्हापासून ऑफिसातल्या कुणाच्याही वास्तुपूजनाचं आमंत्रण मला येत नाही. एकूण चार झाली, चारही मला दुसऱ्या दिवशी कळली. माझं काही म्हणणं नाही. प्रत्येकी पाचशे एक रुपये आहेर वाचला, आणि तोही मी मुद्दलात भरला!