बाईंचा माणूस

"उतरवा त्याले! बडग्या नाही हो तो, उतरवा!"

माझी मैत्रीण सायकलरिक्षात उभी राहून ओरडत होती. आवाज कामठीपर्यंत गेला असेल, फक्त पुढच्या ठेल्यापर्यंत पोचला नाही. तिथे ढोल वाजत होते, आणि ठेल्यावर तिनं वर्षभर खपून उभा केलेला माणूस डुलत चालला होता.

ती आमच्या शाळेत चित्रकला शिकवायची, मी भूगोल. शाळा सुटली की मी तिच्या हाताखाली सुतळीच्या गाठी मारायचो. अशा कामाला आता मांडणशिल्प म्हणतात. तेव्हा मोहल्ला त्याला 'बाईंचा पसारा' म्हणायचा. बांबूचा तो माणूस एवढा उंच, की घारीनं त्याच्या खांद्यावर संसार थाटला आणि पिल्लं उडवून मोकळी झाली. खोटं वाटत असेल तर घारीला विचारा.

पण तिचं म्हणणं, तो एकटीनं करायचाच नाही. दारोदार जाऊन तिनं सांगितलं, घरात जे नकोसं झालंय ते आणा आणि आपल्या हातानं बांधा. लोकांनी मागावरचे सुताचे गुंते आणले, नापास पोराचं दप्तर आणलं. शेजारच्या काकूंनी नवऱ्याच्या खोकल्याच्या औषधाच्या रिकाम्या बाटल्या एकेक करून त्याच्या छातीवर बांधल्या. पाहुणे आले की सगळ्यांनी भोवती उभं राहायचं आणि आपण काय बांधलं ते बोलायचं, असं ठरलं होतं.

पाहुणे म्हणजे मुंबईचे एक जाणकार. मोठ्या प्रदर्शनासाठी कामं निवडत फिरत होते. त्यांनी होकार दिला असता तर तिचं काम पहिल्यांदा नागपूरबाहेर गेलं असतं. चाळिशी जवळ आली होती, पुन्हा कोण येणार होतं? त्यांनी कळवलेला दिवस नेमका पोळ्याचा दुसरा. त्या दिवशी आमच्या गावात घरोघरची पीडा पुतळ्यावर लादून मिरवतात आणि वस्तीबाहेर नेऊन जाळतात. त्या पुतळ्याला बडग्या म्हणतात. आम्ही दोघंही इथलेच, तरी त्याला तसाच उभा सोडून पाहुण्यांना आणायला खुशाल स्टेशनवर गेलो.

परतताना ही मिरवणूक आडवी आली. पाहुणे मात्र खूष. रिक्षातून उडी मारून त्यांनी कॅमेऱ्यातला अख्खा रोल संपवला. पुढे मैदानात काडी लागली, बाटल्या तडातड फुटल्या, लोकांनी "घेऊन जा रे बडग्या"चा गजर केला.

"फारच छान," पाहुणे म्हणाले. "चला, आता तुमचं काम बघू."

तिनं राखेकडे बोट केलं. मी पदरचे चार शब्द घालून सगळं समजावलं, सवयीनं थोडं वाढवूनही. त्यांनी सभ्यपणे ऐकलं, लोककला आमच्याकडे येत नाही म्हणाले आणि दुपारच्या गाडीनं निघून गेले. पुढे ती निवृत्त होईपर्यंत फळ्यावर पोपट काढत राहिली.

त्या संध्याकाळी मात्र ती काकूंच्या दारात गेली होती. आत काका खोकत होते, कालच्यासारखेच.

"काहून जाळला काकू? तुमच्याच हातचा होता न तो."

काकू तांदूळ निवडत होत्या. मान वर न करता म्हणाल्या, "ठेवाचा होता तं सांगाचं होतं."