नोमालिझोची गादी

मयताच्या घरापुढे अनोळखी ट्रक लागला, तर तुम्ही आधी काय विचाराल? दक्षिण आफ्रिकेतल्या आमच्या झ्वीडे वस्तीत लोकांनी विचारलं, “भाऊ, आधी कपाट चढवू का सोफा?”

नोमालिझो इस्पितळाच्या धोबीखान्यात कामाला. लग्नानंतर तिने हप्त्यावर पलंग घेतला. तो फिटत आला की दुकानाचा फोन: “मावशी, तुमच्यासारखं गिऱ्हाईक नाही. सोफा पाठवू?” नवी वस्तू जुन्याच खात्यात टाकायचे, म्हणून पलंगसुद्धा कधी तिचा झाला नाही. वर विम्याचे पैसे. विमा तिच्या मरणाचा. मेला नवरा, म्झिमासी. त्याच्या आजारपणात हप्ते थकले होते.

शुक्रवारी प्रेत घरी यायचं होतं. रात्रभर जागरण, शनिवारी माती. तोवर खोली रिकामी करायची, सामान शेजाऱ्यांकडे न्यायचं आणि विधवेने जमिनीवर गादी टाकून बसायचं; माती होईपर्यंत तिने गादीवरून उठायचं नाही, ही आमची रीत. सामान रस्त्यावर काढलेलं, तेवढ्यात ट्रक आला. दोघं उतरले, टोप्या काढल्या. लोकांना वाटलं, मयतीला मदत करणाऱ्या मंडळाची गाडी, सामान शेजाऱ्यांकडे न्यायला आली.

“नीट धर रे, तुझ्या बापाचं नाही!” शेजारचा वुयिसिले ओरडत होता. सगळं स्वतः चढवलं त्याने.

मग ते दोघं आत आले. माणसं दुकानाची होती. “मावशी, गादीपण त्याच खात्यावर आहे.”

“मला उठता येत नाही, बाळा. उद्या त्याला माती दिली की मीच आणून देते.”

“उद्या आम्हाला सुट्टी.”

म्हाताऱ्या बायका ओरडल्या, पण अंगावरची घोंगडी सावरत नोमालिझो उठली. भांडायला लाज वाटली तिला. अख्ख्या गल्लीला उधारी कळली होती. शवपेटी आली तेव्हा ती फ्रिजच्या खोक्याच्या पुठ्ठ्यावर बसली होती. 

मी त्याच गल्लीतला; सोमवारी दुकानात जाऊन भांडलो. कोर्टाचा हुकूम कुठाय? मॅनेजर हसला. “हुकूम कशाला? तुमच्याच लोकांनी चढवून दिलं. खुशीने परत केलं असं धरतो आम्ही.”

सामान लिलावात मातीमोल गेलं. उरलेली बाकी नोमालिझोच्या पगारातून अजून कापतात. पुठ्ठा अजून घरात आहे, ती त्यावरच निजते. वुयिसिले तिच्या दारावरून जात नाही, मागच्या गल्लीने फिरून जातो.

हात जोडून एकच मागतो. ट्रक लागला की सामानाला हात लावण्याआधी कोर्टाचा कागद मागा. नसेल, तर त्या बाईच्या गादीपुढे उभे राहा आणि हलू नका.