मेलेल्या बाईचं वाक्य

नाटकात मेलेल्या बाईचा पत्ता विचारत तुमच्या दारात कधी कोणी आलं आहे का?

आमच्या दारात आलं. भाताची झोडणी उरकली होती, दुपारची वेळ. मी ओट्यावर पत्रकांच्या घड्या घालत होते, काकू आत सुकट निवडत होती. मोटारसायकलवरून दोघं उतरले. एकानं हेल्मेट काढलंच नाही. दुसरा हसऱ्या चेहऱ्याचा. बूट खाली काढून तो ओट्यावर टेकला, पाणी मागून प्यायला.

"ती मेलेली बाई इथंच राहते ना?"

"कोण?"

"नाटकातली ओ. तिरडीवरून उठून बसते ती."

आत सुपाचा आवाज थांबला.

"मला माहीत नाही," मी म्हणाले.

"भेटली तर सांगा तिला. नाटकात मेली तेवढं बास झालं म्हणावं."

त्यानं तांब्या नीट उपडा घालून ठेवला, बूट घातले आणि दोघं गेले. गाडीचा आवाज विरल्यावरही काकू बाहेर आली नाही. तो तांब्या संध्याकाळपर्यंत ओट्यावर तसाच होता. त्याला हात लावायची हिंमत आमच्यात कोणालाच झाली नाही.

काकू, म्हणजे माझ्या धाकट्या चुलत्याची बायको. मजुरीला जाते, घर सांभाळते, आणि आमच्या जयंतीच्या नाटकात मेलेली बाई होते. या बाईच्या तोंडी एकच वाक्य आहे. ते दोघं त्या वाक्यासाठी आले होते.

शहापूर-मुरबाडकडच्या आमच्या वस्तीतून स्मशानाची वाट पूर्वी सरळ जायची. मग माळावर बंगल्यांचे प्लॉट पडले. कुंपण आलं, गेट आलं, गेटवर वॉचमन आला. शनिवार-रविवार राहायला येणाऱ्यांना खिडकीतून प्रेत दिसायला नको होतं. तेव्हापासून आमची मेलेली माणसं ओढा उतरून, टेकडीला वळसा घालून जातात. पावसाळ्यात खांदेकऱ्यांचे पाय चिखलात रुततात आणि तिरडी एका बाजूला कलते. अर्ज झाले, बैठका झाल्या. पत्रकं तर आमच्या घरूनच निघाली.

मी पत्रकांवरच वाढले. बाबांच्या पिशवीत कायम गठ्ठा असायचा. अक्षरओळख मी 'जाहीर निषेध'मधल्या 'ज'पासून केली. गोष्टींची पुस्तकं घरात फार नंतर आली. त्यामुळे वाक्य म्हणजे ज्याच्या शेवटी उद्गारचिन्ह असतं ते, अशी माझी समजूत होती. नाटक लिहायला घेतलं तेव्हाही मी मेलेल्या बाईला भाषणच दिलं होतं. तिरडी गेटशी अडते, ती उठून बसते आणि हक्क, घटना, माणुसकी यांवर पानभर बोलते.

पहिल्याच तालमीला आईनं विरोध केला. जित्या माणसानं तिरडीवर झोपू नये.

"मंग खाट आन," काकू म्हणाली. "पन खाटंवरून मसनात कोन नेतो गो?"

सगळे हसले. बाबा आयुष्यभर अंधश्रद्धेविरुद्ध पत्रकं काढणारे. पण काकू बांबूंवर आडवी झाली तेव्हा त्यांनीही तोंड फिरवलं, हे मी पाहिलं. काकूनं डोळे मिटले. तिची वेळ आली तेव्हा ती उठून बसली आणि माझं भाषण वाचू लागली. निम्म्यावर थांबली.

"मेलेलं मानूस येवढं बोलत नाय गो."

"मग काय बोलतं?"

तिनं अंगावरची चादर सारखी केली. समोर गेट नव्हतंच, विहाराची भिंत होती. त्या भिंतीकडे बघून ती अगदी हळू म्हणाली,

"जिती होते तवर वळसा घालून गेले. आता सरळ जानार."

माझं पान मी तिथंच फाडलं.

जयंतीला ट्रॅक्टरच्या ट्रॉलीवर नाटक झालं. त्या वाक्यावर कोणी टाळी वाजवली नाही. बायका पदर तोंडाला लावून बसल्या होत्या. टाळ्यांची सवय असलेली मी घाबरले. वाटलं, नाटक पडलं.

दुसऱ्या दिवसापासून ते वाक्य वस्तीभर फिरू लागलं. रेशनच्या रांगेत एक बाई मधेच घुसली आणि वर म्हणाली, "मेलेय गो मी, मी सरळ जानार!" मागच्या म्हणाल्या, "मेलीस तर तांदूळ कशाला लागतो गो तुला?" एका सासूनं सुनेचं तोंड बंद करायला ते वापरलं आणि सुनेनं तेच परत केलं. मला मात्र आमच्या शेजारणीचा मुलगा आठवत राहतो. तो रोज आसनगावहून लोकलनं कामाला जातो. ऑफिसात कोणी आडनाव विचारलं की तो गावाचं नाव सांगतो आणि बोलण्याची गाडी धरणाकडे, पावसाकडे नेतो. मला म्हणाला, "मी रोज वळसाच घालतो गं. वाटलं, ती माझ्याबद्दलच बोलली." त्या दिवशी मला कळलं की ते वाक्य स्मशानाच्या वाटेचं राहिलेलं नाही. ज्यानं त्यानं त्यात आपापला वळसा भरला होता. पत्रक माणसाला काय करायचं ते सांगतं. त्या बाईनं कोणालाच काही सांगितलं नव्हतं. ती फक्त आपण काय करणार ते बोलली होती, आणि म्हणून ते प्रत्येकाला स्वतःचं वाटलं.

मग पावसात वस्तीतले एक म्हातारे गेले. ओढ्याला लोंढा होता. तिरडी फाट्यावर आली आणि पुढचे खांदेकरी ओढ्याकडे वळलेच नाहीत. कोणी ठरवलं नव्हतं. मी बाबांचा शर्ट पाठीमागून धरून चालत होते. गेटशी सगळे थांबले. वॉचमन उठून उभा राहिला. पावसाच्या आवाजात मागून कुठून तरी ते वाक्य आलं. हळू, तालमीत काकूनं म्हटलं होतं तसं. वॉचमननं तिरडीकडे पाहिलं, टोपी काढली आणि गेट उघडलं.

कोण बोललं ते आजही कोणाला माहीत नाही. काकू तर तिथं नव्हतीच. परतणाऱ्यांच्या हातापायांवर घालायला ती घरी पाणी तापवत होती. पण वाक्य तिचं म्हणून प्रसिद्ध होतं. दुसऱ्या आठवड्यात वॉचमन बदलला, गेटवर कॅमेरा लागला. आणि भात घरात आल्यावर ते दोघं आमच्या ओट्यावर पाणी पिऊन गेले.

तेव्हापासून काकू लाकडं आणायला एकटी जात नाही. मोटारसायकलचा आवाज आला की तिचा हात असेल तिथं थांबतो, भाकरीवर असला तर भाकर करपते. पोलिसांकडे आम्ही गेलो. त्यांनी विचारलं, धमकी काय दिली? आम्ही सांगितलं. ते म्हणाले, नाटकाबद्दल बोलला ना तो?

आता पुन्हा जयंती जवळ आली आहे. परवा मी काकूला म्हणाले, "यंदा ते वाक्य काढू या. तू नुसती झोपून राहा."

"मंग उठून बसू कशाला?"

"काकू, ते परत आले तर?"

तिनं तव्यावरची भाकर उलटली. "भ्या वाटतं गो. काकू भीत नाय, असं कुठं पत्रकात छापू नको हां. रातची झोप नाय मला. पन ती बाई भीत नाय. ती मेलीय, तिला काय भ्या? तिच्या तोंडून तेवढं एक बोलता येतं मला. ते काढलंस तर माझ्याजवळ नुसतं भ्याच राहील."

मी वाक्य काढलेलं नाही. म्हणून रात्री मलाही झोप नाही. तिरडी तिच्यासाठी बांधली जाते, शब्द तिच्या तोंडी आहे आणि कॅमेरा तिच्या वाटेवर आहे. मी फक्त लिहिते. या लेखात मी कोणाचं नाव घातलं नाही, गावाचंसुद्धा नाही. पत्ता विचारणारे वाचतही असतात.

म्हणून तुम्हाला आमच्याकडे या असं म्हणत नाही. मागणं वेगळं आहे. जयंतीच्या आदल्या संध्याकाळी तुमच्या वस्तीत, तुमच्या चाळीत, तुमच्या विहारासमोर हे नाटक करा. मोठं नाही, दोन बांबू आणि एक चादर पुरे. बाई मिळाली नाही तर पुरुषानं झोपावं. वेळ आली की उठून बसा आणि ते वाक्य म्हणा, हळू म्हटलं तरी चालेल. घाबरत म्हणा, काकूही घाबरतच म्हणणार आहे. मग मेलेली बाई कुठं राहते हे विचारायला निघालेल्यांना एकाच दारावर थांबता येणार नाही. त्यांना तुमच्याही दारात यावं लागेल. आले की सांगा, हो, इथंच राहते.